पैसे घेऊन हुतूतू? शिव शिव!

झालं का समाधान? आता हुतूतूचेसुद्धा पैसे मिळायला लागले! तेही चहापाण्यापुरते नव्हे, कोटीत. ज्या खेळापायी आपण ढोपरं सोलली, चड्ड्या फाडल्या, घरी येऊन आईचे धपाटे खाल्ले आणि ज्याने आपल्याला कधी दमडी दिली नाही, तोच खेळ खेळायला माणसं आता करार करतात म्हणे. करार! आणि त्याआधी लिलाव. टेबलांभोवती सुटाबुटातली मंडळी बसतात, हातातले फलक वर करतात आणि बघता बघता एका धडधाकट माणसाचा भाव लाखांतून उचलून अडीच कोटींवर नेऊन ठेवतात. अडीच कोटींत नाशिकच्या गंगापूर रोडला किती खोल्यांचा फ्लॅट येतो, हा हिशेब आपण सगळ्यांनीच तेव्हा मनातल्या मनात करून पाहिला. केला नाही म्हणणाऱ्याने हात वर करावा.

बरं, हे सगळं कशासाठी? तर पलीकडच्या अंगणात जायचं, कुणाला तरी शिवायचं आणि परत यायचं. एवढंच! शिवून परत यायचे अडीच कोटी? आमच्या लहानपणी शिवून परत आलं तर ‘चल, पुढचा’ एवढंच ऐकायला मिळायचं.

काळ मोठा कठीण आला आहे खरा. माती गेली, मॅट आली. अनवाणी पाय गेले, रंगीत बूट आले. दम असेल तोवर चढाई, हा न्याय गेला आणि डोक्यावर तीस सेकंदांचं घड्याळ आलं. दोन चढाया रिकाम्या गेल्या की तिसरी ‘करो या मरो’, म्हणजे गुण आणा नाहीतर बाहेर बसा. तीन किंवा त्याहून कमी गडी उरलेले असताना पकड केली तर जादा गुण. प्रकाशझोत, ढोल, पडद्यावर पुनःपुन्हा दाखवलेली मांडी, आणि त्या मांडीला कुणाचं बोट लागलं की नाही यावर घरोघरी वाद! सभ्य माणसांनी कुणाच्या मांडीकडे इतकं निरखून पाहावं का?

नाशिकरोडच्या प्रेसमधून निवृत्त झालेले एक काका आमच्या सोसायटीत राहतात. आयुष्यभर नोटांच्या थप्प्या डोळ्यांसमोरून गेलेला माणूस. पैशाने दिपणारा नव्हे. पण २०२२ च्या लिलावात चढाईपटू पवन सेहरावतला तमिळ थलायवाज संघाने २ कोटी २६ लाखांना घेतलं आणि पहिल्याच सामन्यात त्याचा गुडघा दुखावून तो अख्ख्या हंगामाला मुकला, तेव्हा काका हबकले. एका सामन्याचे सव्वादोन कोटी! आठवडाभर सोसायटीच्या कट्ट्यावर दुसरा विषय नव्हता. तो किती मिनिटं मैदानात होता, मिनिटाला किती पडले, श्वासाला किती पडले, सगळं काकांनी दुधाच्या बिलाच्या मागे मांडून दाखवलं. खेळाचा बाजार झाला, म्हणाले. आणि पुढच्याच वर्षी त्याच पवनला, त्याच गुडघ्यासकट, तेलुगू टायटन्सने २ कोटी ६० लाख ५० हजारांना घेतलं, तेव्हा काका काय म्हणाले? ‘गुडघा पूर्ण बरा झालाय त्याचा. मी बघितलं ना, डावीकडे वळताना कचरत नाही आता.’ कुठे बघितलं, काका? आपण तर या बाजाराकडे ढुंकूनही बघत नव्हतो!

असे काका आता गल्लोगल्ली निघाले आहेत. एका घरात संध्याकाळची मालिका बंद पडली आणि सासू-सुनेत म्हणे पहिल्यांदा एकमत झालं: डावा कोपरारक्षक ढिला आहे. दुसऱ्या घरात चार वर्षांचा चिरंजीव स्वयंपाकघरात ‘कबड्डी कबड्डी’ करत घुसतो, बरणीतला लाडू उचलून दाराकडे पळतो आणि आजी खुर्चीत बसल्या बसल्या त्याचा घोटा धरते. तोही असा तसा नाही, दोन्ही हातांनी, अंगठे आत घेऊन, अगदी शास्त्रोक्त. वयाच्या सत्तरीत ही विद्या कुठून आली म्हणून विचारलं, तर म्हणते, ‘टीव्हीवर तो इराणचा मुलगा असाच धरतो.’ लग्नात जेवणाच्या रांगेत हुलकावण्या देणारे, बँकेत ‘माझी ही करो या मरो चढाई आहे’ म्हणून काउंटरवर वाकणारे, मिसळीच्या दुसऱ्या रश्शाला ‘बोनस’ म्हणणारे... किती सांगावेत? शहर बिघडलं. सुसंस्कृत माणसाने जायचं कुठे?

या वेडाची, म्हणजे प्रो कबड्डी लीगची, जन्मतारीख पक्की आहे: २६ जुलै २०१४. वरळीच्या इनडोअर स्टेडियममध्ये यू मुम्बा आणि जयपूर पिंक पँथर्स यांची पहिली झुंज झाली आणि यू मुम्बाने ती ४५-३१ अशी मारली. पहिल्या रांगेत बच्चन कुटुंब, शाहरुख, आमिर. आता सांगा, आपल्या गल्लीतली हुतूतू बघायला कधी कोपऱ्यावरचा पानवाला तरी आला होता का? आनंद महिंद्रा आणि समालोचक चारू शर्मा यांच्या डोक्यातून निघालेलं हे खूळ. पहिल्या हंगामाचे टीव्हीवरचे प्रेक्षक मोजले तर भरले ४३ कोटींच्या वर, आयपीएलच्या खालोखाल! आणि गंमत अशी, की त्या वर्षी भेटेल तो माणूस सांगत होता, ‘छे हो, आपण नाही बघत.’ मग हे ४३ कोटी आले कुठून? मंगळावरून?

तेव्हाच्या लिलावात सर्वांत महागडा खेळाडू होता राकेश कुमार. पाटण्याने त्याला १२ लाख ८० हजारांना घेतलं. आपण तोंडात बोटं घातली. बारा लाख! कबड्डीला! आज हा आकडा ऐकला की वाटतं, बिचाऱ्याला फसवलं. नऊ वर्षांत भाव वीसपट झाला आणि आपली बोटं तोंडातून बाहेर येऊन रिमोटवर स्थिरावली.

त्याआधी पैसे नव्हतेच असं मात्र समजू नका. महाराष्ट्रात कबड्डीच्या स्पर्धांत ‘व्यावसायिक गट’ किती जुना आहे! पण त्यातला व्यवसाय फार सोज्वळ असे. बँक, पोलीस, रेल्वे, तेलकंपन्या, कारखाने आपापले संघ बाळगत. खेळाडूला नोकरी मिळे, तो मस्टरवर सही करी, दुपारनंतर सरावाला जाई आणि पगार घेई तो मात्र कारकुनाचा. चढाईचे पैसे घ्यायचे नाहीत, फायली सरकवायचे घ्यायचे. त्यातही फाइल कधी सरकलीच नाही, तरी कुणाची तक्रार नसे. जिंकल्यावर ढाल, चषक, फार तर एखादी सायकल आणि व्यासपीठावर नगरसेवकाच्या हस्ते नारळ. म्हणजे खेळायचे पैसे घेणं पाप, न केलेल्या कारकुनीचे घेणं पुण्य! इतकी साधी, सरळ व्यवस्था मोडून या लोकांनी काय मिळवलं?

काय मिळवलं ते रिशांक देवाडिगाला विचारा. सांताक्रूझचा पोरगा. आधी बँकेचा संघ, मग तेलकंपनीचा. जुन्या व्यवस्थेतला अगदी सरळमार्गी जिना. पहिल्या हंगामापासून यू मुम्बात. पुढे उत्तर प्रदेशच्या संघात गेला आणि २०१७ साली एका सामन्यात एकट्याने चढाईचे २८ गुण काढले. अठ्ठावीस! विक्रम झाला म्हणून आपण पेढे वाटायच्या तयारीत होतो, तोच काही दिवसांत प्रदीप नरवालने एका सामन्यात ३४ काढले. पेढे डब्यातच राहिले. पण रिशांक गप्प बसणारा नव्हता. जानेवारी २०१८ मध्ये त्याच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने हैदराबादला सेनादलाला ३४-२९ असं हरवून अकरा वर्षांनी राष्ट्रीय विजेतेपद आणलं, आणि त्याच वर्षीच्या लिलावात त्याच्यावर बोली लागली १ कोटी ११ लाखांची. बँकेत काउंटरमागे बसून एक कोटी अकरा लाख दुसऱ्याचे मोजता येतात. स्वतःचे मोजायला चढाईच करावी लागते.

२०१८ चा तो लिलाव म्हणजे आपल्या संस्कारांवरचा दरोडाच होता. एका लिलावात सहा जणांनी कोटीची रेषा ओलांडली. आणि पहिला मान कुणाचा? एखाद्या सातारकराचा? कोल्हापूरकराचा? अहो, इराणच्या फझल अत्राचलीचा! आपल्या मातीतला खेळ, आणि पहिला कोटीचा गडी परक्या मुलखातला! त्याला घेतला कुणी? मुंबईने! आणि काही महिन्यांत जाकार्ताच्या आशियाई स्पर्धेत त्याच इराणने आपल्या पुरुषांना उपांत्य फेरीत आणि मुलींना अंतिम फेरीत चीत केलं. आपण मीठ दिलं, तेही कोटीच्या भावाने, आणि तेच आपल्या जखमेवर आलं. पण खरी सनसनाटी बातमी पुढे आहे. २०२३ साली मोहम्मदरझा शादलुई या आणखी एका इराण्यावर २ कोटी ३५ लाख रुपये खर्च केले ते पुणेकरांनी. पुन्हा वाचा. पुणेकरांनी. खर्च केले. आजवर ज्या गावात इराणी म्हणजे चहा आणि बनमस्का, तेही बिल वेगवेगळं, त्या गावाने ही उधळण केली! आणि १ मार्च २०२४ ला हरियाणाला २८-२५ असं हरवून पुणेरी पलटण विजेती झाली, तेव्हा पैसे वसूल झाल्याचं जे समाधान पुण्याच्या तोंडावर दिसलं, ते आपण नाशिककरांनी फार जळून पाहिलं. कर्णधार होता आपल्या शेजारच्या नगर जिल्ह्यातला अस्लम इनामदार. त्यामुळे जळताना थोडी कॉलरही ताठ होती.

पण या सगळ्या प्रकरणात खमंग चरित्र कुणाचं असेल तर ते सिद्धार्थ देसाईचं. चंदगड तालुक्यातला, कोल्हापूरच्या टोकाचा गडी. उंचापुरा, आडव्या हाडाचा. लोकांनी नावच ठेवलं बाहुबली. २०१८ मध्ये यू मुम्बाने ३६ लाख ४० हजारांना घेतला. फारसं कुणी ओळखत नव्हतं. मग तो मैदानात उतरला. बाकीचे चढाईपटू कसे? मांजराच्या पावलाने जाणार, एक पाय पुढे टाकून बोनस चाटणार, हात लांबवून पळणार. हा गडी सरळ आत. कुणी कंबरेला, कुणी मांडीला लोंबकळत असताना हा तसाच मध्यरेषेकडे चालू लागे, आणि रेषेला बोट लागलं की पाठीवरची माणसं एकेक करून गळून पडत. पंच बोटं मोजत राहत: तीन की चार? पहिल्या चार सामन्यांत चढाईचे ५० गुण, हंगामात दोनशेच्या वर. एप्रिल २०१९ च्या लिलावात तेलुगू टायटन्सने बोली लावली १ कोटी ४५ लाख. चंदगडच्या काजूलासुद्धा असा भाव कधी आला नसेल. त्याही हंगामात त्याने दोनशेचा आकडा ओलांडला. आता याला कुणी हात लावत नाही, असं आपण ठरवून टाकलं.

२०२१ मध्ये १ कोटी ३० लाख. सुरुवातीच्याच काही सामन्यांत दुखापत, आणि गडी बाहेर. पुढच्या वर्षी भाव किती? २० लाख. एक कोटी तीस वरून वीस! त्याच्या पुढच्या वर्षी हरियाणाने पुन्हा १ कोटीला उचलला. हे आकडे एका कागदावर लिहा आणि लासलगावच्या एखाद्या शेतकऱ्याला दाखवा. खेळाडूचं नाव सांगू नका. तो म्हणेल, कोणत्या वर्षीचा कांदा हा? माणूस तोच, मांडी तीच, दम तोच. भाव मात्र रोज सकाळी वेगळा. कारकुनाचा पगार कधी एक कोटी तीसवरून वीस लाखांवर आलेला ऐकलाय? येत नाही, कारण मुळात तो तिथवर जात नाही, हे खरं. पण मनगट मुरगळलं म्हणून कुणी कारकुनाला काढूनही टाकत नाही.

आणि ज्याने रिशांकचे पेढे डब्यात ठेवले, त्या प्रदीप नरवालचं काय झालं? डुबकी मारून पाच-पाच जणांच्या हाताखालून निसटणारा, चढाईचे १८०० वर गुण असणारा, एकेकाळी १ कोटी ६५ लाखांना गेलेला गडी. २०२५ च्या लिलावात त्याचं नाव पुकारलं आणि एकही फलक वर गेला नाही. त्याने निवृत्ती जाहीर केली. वय अजून तिशीच्या आतबाहेर. आपल्याकडे त्या वयात लोकांची लग्नं ठरायची असतात.

आता हा ‘पैसे घेऊन खेळतात हो’ वाला आरडाओरडा आपण नव्याने काढला असं समजत असाल, तर थोडं थांबा. इंग्लंडातल्या साहेबाने तो सव्वाशे वर्षांपूर्वी आपल्यापेक्षा किती तरी मोठ्याने करून ठेवलाय. तिकडे रग्बी नावाचा प्रकार आहे: एकमेकांच्या अंगावर धावून जायचं, कंबरेला मिठी मारून पाडायचं. थोडक्यात हुतूतूच, फक्त चेंडूची अडचण. तर उत्तर इंग्लंडमधले खेळाडू होते खाणीतले, गिरण्यांतले. शनिवारी सामन्याला गेलं की तेवढ्या वेळाचा पगार कापला जाई. ते म्हणाले, कापलेला पगार तेवढा भरून द्या. काय मागितलं? दिवसाला जास्तीत जास्त सहा शिलिंग. लंडनच्या रग्बी संघटनेतली, ज्यांचा पगार कधी कुणी कापला नव्हता अशी मंडळी किंचाळलीच. खेळाचा बाजार! पावित्र्य! संस्कार! शेवटी २९ ऑगस्ट १८९५ ला हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेकडच्या क्लबांनी बैठक घेतली आणि सवतासुभा मांडला. तीच पुढे रग्बी लीग झाली. तीन वर्षांत त्यांनी उघड व्यावसायिक खेळाला परवानगी दिली, पण अट घातली: खेळाडूला दुसरी रीतसर नोकरी पाहिजे. बिलियर्डच्या टेबलावर गुण मांडणारा किंवा दारूच्या गुत्त्यातला वाढपी चालणार नाही. कशी वाटली अट? आपल्या ‘व्यावसायिक गटा’ची आणि मस्टरवरच्या सहीची आठवण झाली की नाही?

१९०७ मध्ये न्यूझीलंडचे खेळाडू पैसे घेऊन दौऱ्यावर निघाले, तर वर्तमानपत्रांनी त्यांना ‘ऑल गोल्ड्स’ म्हणून हिणवलं. राष्ट्रीय संघ ‘ऑल ब्लॅक्स’, तर हे सोन्याला विकले गेलेले. सिडनीला त्यांचा सामना लागला. हिणवून झाल्यावर लोकांनी काय करावं? वीसेक हजारांनी तिकीट काढून मैदान भरलं! त्या सामन्यांत डॅली मेसेंजर नावाचा तिकडचा लाडका खेळाडू उतरला, आणि जुन्या संघटनेने आपल्या दप्तरातून त्याच्या विक्रमांवर काट मारली. माणूस जिवंत, धावतोय, लोक टाळ्या वाजवतायत, आणि दप्तरात तो जन्मालाच आलेला नाही! ती काट पुसायला त्यांना शंभर वर्षं लागली. आणि पावित्र्याचे रखवालदार? त्यांनी १९९५ च्या ऑगस्टमध्ये, जॉर्ज हॉटेलच्या बैठकीला शंभर वर्षं पुरी होता होता, स्वतःच पैसे घ्यायला सुरुवात केली. शंभर वर्षं नाक मुरडून शेवटी त्याच पंक्तीला बसले. आपण निदान पहिल्या हंगामातच बसलो. बोभाटा करायचा, पण पान मांडल्यावर उठायचं नाही, एवढा व्यवहार आपल्याला कळतो.

नाशिकचं म्हणाल, तर इथे प्रकरण फारच हाताबाहेर गेलं आहे, आणि त्याला जबाबदार आहे आडगाव. या आडगावातून आकाश शिंदे नावाचा चढाईपटू निघाला, पुणेरी पलटणमधून खेळला आणि २०२३ च्या हांगझोऊ आशियाई स्पर्धेत भारताच्या सुवर्णविजेत्या संघात जाऊन बसला. तो अंतिम सामना आठवतो ना? समोर पुन्हा इराण. शेवटच्या क्षणांत पवनच्या एका चढाईवरून वाद पेटला: गुण किती आणि कुणाला? जवळपास तासभर खेळ थांबला. दोन्ही संघ मॅटवर बसून राहिले, पंच नियमांच्या पुस्तकात तोंड घालून, निर्णय एकदा इकडे, एकदा तिकडे. आपल्या सोसायटीच्या वार्षिक सभेचं थेट प्रक्षेपण चीनमधून होतंय असं वाटत होतं. अखेर ३३-२९ ने सोनं आपलं झालं. त्या तासाभरात नाशिकमध्ये कबड्डीच्या नियमांचे जाणकार किती होते? रामकुंडापासून अंबडपर्यंत एकूण एक.

तेव्हापासून आडगाव नाक्यावर उभं राहून बघा. भेटेल त्याने आकाशला लहानपणी पकडलेलं असतं. रिक्षावाल्याने पकडलं होतं, द्राक्षाच्या औषधाच्या दुकानदाराने पकडलं होतं, शाळेतल्या शिपायाने तर दोनदा. एवढ्या सगळ्यांनी त्याला पकडलं असेल, तर तो चढाईपटू झाला कसा? २०२५ मध्ये तो बंगळुरू बुल्सकडे गेला आणि पुण्यावर आधीपासून राग होता असं सांगणारे नाशिककर रातोरात बंगळुरूचे पाठीराखे झाले. निष्ठा म्हणून काही असते की नाही? असते ना. चढाई संपेपर्यंत.

आणि आईबाप! ज्या आईबापांनी ‘हुतूतू खेळून पोट भरणार आहेस का?’ हे वाक्य दोन पिढ्या वापरलं, तेच आता पोराला मोपेडवर बसवून पहाटे मैदानावर सोडतात. क्लासला उशीर झाला तर चालतो, सरावाला नाही. पोराची मांडी किती भरली ते पाहुण्यांना दाखवतात. दूध, अंडी, बदाम. शेजारचा मुलगा अभियांत्रिकीला गेला म्हणून सांगितलं, तर चेहऱ्यावर सहानुभूती येते: ‘असू दे, सगळ्यांनाच चढाई जमत नाही.’

इतका वेळ आपण पुरुषांच्या कोट्यांवर नाकं मुरडली. आता एक गोष्ट हळूच सांगतो, कारण ती ऐकल्यावर नाक कुठे मुरडायचं हेच कळत नाही. महाराष्ट्राच्या कबड्डीत कोटीचा आकडा आधी आला तो मुलींच्या नावावर. २०१२ मध्ये पाटण्याला महिलांचा पहिला विश्वचषक भारताने जिंकला. त्या संघात अभिलाषा म्हात्रे, दीपिका जोसेफ आणि सुवर्णा बारटक्के या आपल्या तिघी होत्या, आणि राज्य सरकारने प्रत्येकीला एक कोटी जाहीर केले. फझलच्या सहा वर्षं आधी! मग पुढे त्यांची लीग किती मोठी झाली असेल? २०१६ मध्ये पुरुषांच्या लीगच्या शेपटाला तीन संघांची एक महिला स्पर्धा जोडली. तीन संघ. अंतिम सामना एका गुणाने, २४-२३ असा सुटला, लोक खुर्चीच्या कडेवर आले होते. दुसरा हंगाम? आलाच नाही. पवनच्या एका गुडघ्यावर सव्वादोन कोटी लावणाऱ्यांना मुलींचा दुसरा हंगाम परवडला नाही. बाकी सगळा संताप आपला लटका आहे, हा तेवढा खरा.

तेव्हा मंडळी, ठरलं. या पैसेखाऊ, मातीद्रोही, संस्कारबुडव्या खेळाचा आपण जाहीर निषेध करणार आहोत. मुलींची लीग परत सुरू झाली, तर निषेध दुप्पट करू, अगदी रोज, पहिल्या रांगेत बसून. सभा सोसायटीच्या गच्चीवर, अध्यक्षस्थानी अर्थातच प्रेसवाले काका. सगळ्यांनी यावं. फक्त लीगचा हंगाम चालू असताना रात्री आठ ते दहा सभा ठेवू नये, त्या वेळेत काका फोन उचलत नाहीत.